फायली येथील इसिसचे मंदिर

इजिप्तमध्ये अस्वानजवळ, नाईल नदीतील फायली बेटावर, टॉलेमी राजांनी इसिस देवीचे मंदिर बांधविले. प्रांगणाच्या दोन्ही अंगांस स्तंभावली, मग एकामागून एक दोन प्रचंड महाद्वारे आणि शेवटी काळोखा गाभारा, अशी त्याची रचना. याच मंदिराच्या आवारात इ. स. ३९४ मध्ये एका पुजाऱ्याने, सर्वकाळासाठी म्हणून, एक लेख कोरला. चित्रलिपीतील ज्ञात असलेला तो अखेरचा लेख होय. पुढे ती लिपी वाचणारा कोणी उरला नाही.

१८२२ साली शांपोलिओंने ती उलगडली, तेव्हा रोझेटा शिलेबरोबरच फायलीच्या एका शिलास्तंभावरील क्लिओपात्राचे नाव त्याच्या उपयोगी पडले. विसाव्या शतकात धरणाच्या पाण्याने मंदिर ग्रासले. १९७२ ते १९८० या काळात ते शेजारच्या उंच अगिल्किया बेटावर पुन्हा उभारण्यात आले. देवीची पूजा थांबली. पुजाऱ्याचा लेख मात्र राहिला, आणि आज तो वाचता येतो.