‘पोकेमॉन रेड’ नव्याने सुरू करताना नेमके काय पुसले जाते?

गेम बॉयमध्ये ‘पोकेमॉन रेड’चे कार्ट्रिज घालून यंत्र सुरू केले, की थोड्या वेळात शीर्षकाचा पडदा येतो. या पडद्यावर वरची दिशा, सिलेक्ट आणि बी ही तीन बटणे एकाच वेळी दाबली, तर खेळ विचारतो, की जतन केलेली सर्व माहिती पुसून टाकायची का. उत्तरासाठी दोन पर्याय असतात. ‘नाही’ वर आणि ‘होय’ खाली. एरवी याच खेळात असा प्रश्न आला, की ‘होय’ वर असतो. सवयीने ए बटण दाबत पुढे जाणाऱ्या मुलाचा अंगठा इथे ‘नाही’वरच पडावा, अशी ही तजवीज दिसते. तरीही कोणी खाली जाऊन ‘होय’ निवडले, तर कार्ट्रिजमधील ३२ किलोबाइट स्मृतीच्या प्रत्येक बाइटमध्ये २५५ हा एकच आकडा भरला जातो. पापणी लवण्याआधी काम संपते. ते मागे घेण्याची सोय नाही.

पुसण्याची कृती इतकी अवघड जागी का ठेवली गेली, हे कळण्यासाठी जतन करण्याचा इतिहास थोडा मागे जाऊन पाहावा लागतो.

खेळातील प्रगती साठवणे ही गोष्ट सुरुवातीला यंत्राची नव्हतीच, ती कागदाची होती. १९८६ साली जपानमध्ये आलेल्या ‘ड्रॅगन क्वेस्ट’मध्ये खेळ थांबवताना राजा वीस अक्षरांचा एक मंत्र देई. तो वहीत उतरवून घ्यायचा आणि पुढच्या वेळी जसाच्या तसा टंकित करायचा. पुढच्या वर्षीच्या दुसऱ्या भागात हा मंत्र ५२ अक्षरांपर्यंत लांबला. एक अक्षर चुकीचे उतरले, तर आठवड्याची मेहनत पाण्यात. मात्र या व्यवस्थेत पुसण्यासारखे काही नव्हते. वही हरवत नाही तोवर जुना मंत्र जिवंत, आणि दहा मुलांनी दहा मंत्र लिहून ठेवले तरी कार्ट्रिजला त्याचे सोयरसुतक नाही.

१९८८ च्या तिसऱ्या भागात मंत्र गेला आणि कार्ट्रिजमध्ये सेल आला. आता प्रगती यंत्रच लक्षात ठेवू लागले, आणि त्याबरोबर विसरूही लागले. नोंद बिघडली, तर एका भेसूर सुरावटीसह खेळ कळवत असे, की खेदाची गोष्ट आहे, पण तुमची साहसाची नोंदवही नाहीशी झाली. त्या पिढीतील जपानी खेळाडूंच्या आठवणींत ही सुरावट आजही ठाण मांडून बसली आहे.

हातात धरायच्या यंत्रांनी हीच पद्धत उचलली. गेम बॉय एप्रिल १९८९ मध्ये जपानमध्ये विक्रीला आला. त्याच्या कार्ट्रिजमध्ये (टीव्हीला जोडायच्या खेळांच्या अशाच डब्यांना आपल्याकडे सरसकट ‘कॅसेट’ म्हणत) मूळ खेळ एका कायमस्वरूपी चिपमध्ये असे. तो बदलता येत नसे. खेळाडूची प्रगती मात्र शेजारच्या दुसऱ्या चिपमध्ये राही, आणि ही चिप वीज असेपर्यंतच लक्षात ठेवणारी होती. यंत्र बंद असताना तिला वीज पुरवण्यासाठी घड्याळात घालतात तसला एक चपटा लिथियम सेल आत डाखलेला असे. म्हणजे खेळ दगडावर कोरलेला आणि खेळाडू धूळपाटीवर लिहिलेला.

‘पोकेमॉन’चा पहिला जोडसंच, ‘रेड’ आणि ‘ग्रीन’, २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानमध्ये आला. सप्टेंबर १९९८ मध्ये अमेरिकेत तो ‘रेड’ आणि ‘ब्लू’ या नावांनी पोहोचला. इंग्रजी आवृत्तीचा कार्यक्रम हौशी अभ्यासकांनी नंतर ओळ न् ओळ उलगडून ठेवला आहे, त्यामुळे त्याच्या पोटात काय चालते हे आज नेमके सांगता येते. ३२ किलोबाइटचे आठ-आठ किलोबाइटचे चार कप्पे. दोन कप्पे पकडलेल्या प्राण्यांच्या बारा पेट्यांसाठी. प्रत्येक पेटीत वीस प्राणी, आणि प्रत्येक प्राण्यामागे त्याचे गुण, त्याचे नाव व त्याला पकडणाऱ्याचे नाव मिळून ५५ बाइट. तिसरा कप्पा खेळाडूच्या मुख्य नोंदीसाठी. उरलेला कप्पा चित्रांच्या जुळवाजुळवीसाठी आणि विजेत्या संघांच्या यादीसाठी. दुसऱ्या खेळाडूला जागाच नाही. ‘झेल्डा’मालिकेतील १९९३ चा गेम बॉयवरचा खेळ तीन जणांच्या नोंदी ठेवत असे. ‘पोकेमॉन’मध्ये मात्र एका कार्ट्रिजमध्ये एकच आयुष्य मावत होते.

घरात दोन भावंडे आणि एक कार्ट्रिज असेल तर याचा अर्थ काय होतो, हे विस्ताराने सांगायला नको.

आता एक विसंगती पाहावी. या खेळात पुन्हा सुरुवात करण्याचा मोह पडावा असे निर्णय जागोजागी पेरलेले आहेत. आरंभी तीन प्राण्यांपैकी एकच मिळतो. गुहेतील दोन जीवाश्मांपैकी एकच उचलता येतो. ईव्ही एकच भेटते, तिची रूपे तीन होऊ शकतात, आणि एकदा दिलेले रूप परत घेता येत नाही. हे सारे मुद्दाम केलेले होते. खेळाचे जनक सातोशी ताजिरी यांना लहानपणी किडे गोळा करण्याचा नाद होता. दोन गेम बॉयना जोडणारी तार पाहून त्यांना त्या तारेवरून एका यंत्रातून दुसऱ्यात सरकणारे किडे दिसले, असे त्यांनी पुढे सांगितले आहे. जे आपल्याकडे नाही ते मित्राकडून बदल्यात घ्यावे, हा खेळाचा गाभाच होता. पण ज्या मुलाजवळ तार नव्हती, किंवा तार होती पण मित्र नव्हता, त्याच्यापुढे मार्ग एकच उरे. सगळे पुसायचे आणि पहिल्या गावापासून पुन्हा निघायचे. मुलांनी एकमेकांत मिसळावे म्हणून घातलेल्या बंधनाने एकट्या मुलाला स्वतःचेच आयुष्य खोडायला लावले. रचनाकाराचा हेतू आणि रचनेचा परिणाम यांची अशी फारकत इतिहासात नवी नाही, तरी ती इतक्या लहान वस्तूत क्वचितच इतकी स्वच्छ दिसते.

नव्याने सुरू करण्याचे मार्ग दोन होते, आणि त्यांतील फरक इतिहासाच्या विद्यार्थ्याने थांबून पाहावा असा आहे.

तीन बटणांचा मार्ग वर आलाच आहे. तो सर्व चार कप्पे २५५ या आकड्याने भरून टाकतो. दुसरा मार्ग साधा. सूचीतून ‘नवा खेळ’ निवडायचा. एवढ्याने जुन्या नोंदीला धक्का लागत नाही. यंत्र बंद केले, तर ती जशीच्या तशी असते. नवा खेळाडू पहिल्यांदा जतन करू लागतो, तेव्हा खेळ त्याचा ओळखक्रमांक जुन्या क्रमांकाशी ताडून पाहतो आणि क्रमांक जुळला नाही, तर जुनी नोंद पुसली जाईल, चालेल का, असे विचारतो. ‘होय’ म्हटल्यावर मुख्य नोंद बदलते. पण फक्त मुख्य नोंद! बारा पेट्यांच्या दोन कप्प्यांना अजून कोणी हात लावलेला नसतो. नवा खेळाडू पहिल्यांदा पेटी बदलतो, त्या क्षणी खेळ साऱ्या पेट्या रिकाम्या करतो. तोवर, कदाचित कित्येक तास, नव्या मुलाच्या प्रवासाखाली जुन्या मुलाचे प्राणी अंधारात तसेच पडून असतात. पडद्यावर ते दिसत नाहीत. चिप वाचणाऱ्याला दिसतात.

दहाव्या शतकात आर्किमिडीजच्या ग्रंथांची एक प्रत चर्मपत्रावर लिहिली गेली. १२२९ च्या सुमारास ते चर्मपत्र खरवडून त्यावर प्रार्थना लिहिल्या गेल्या, आणि १९०६ मध्ये हायबर्ग या डॅनिश विद्वानाने प्रार्थनांच्या ओळींखालचा मूळ मजकूर ओळखला. खरवडणाऱ्याला आर्किमिडीजशी वैर नव्हते. त्याला कोरे पान हवे होते आणि चर्मपत्र महाग होते. १९९८ मध्ये तीस-चाळीस डॉलरांची वस्तू एकच मिळणाऱ्या मुलाची अडचण याहून फार वेगळी नव्हती.

पुसण्याआधी काही वाचवायचे असेल, तर ते दुसऱ्याच्या घरी नेऊन ठेवावे लागे. मित्राचा गेम बॉय, मित्राचे कार्ट्रिज, मधे तार, आणि आपला लाडका प्राणी देऊन बदल्यात त्याचा एखादा फालतू प्राणी घ्यायचा. मग घरी येऊन पुसायचे, नव्याने सुरुवात करायची, आणि व्यवहार उलटा करून आपला प्राणी परत आणायचा. इथे खेळ एक निष्ठुर गोष्ट करतो. प्रत्येक प्राण्याबरोबर त्याला पकडणाऱ्याचा ओळखक्रमांक साठवलेला असतो. ० ते ६५,५३५ यांतील हा क्रमांक खेळ सुरू होताना आपोआप पडतो. नव्या खेळात मुलाने आपले नाव तेच ठेवले, तरी क्रमांक बहुधा वेगळाच पडतो. त्यामुळे परत आलेला प्राणी त्याला परका मानतो. तो अनुभव दीडपट वेगाने मिळवतो, कारण परक्या प्राण्यांना तशी सवलत आहे. पण पुरेशी पदके मिळेपर्यंत तो आज्ञा पाळत नाही. लढाईच्या मध्यावर झोपतो किंवा भलतेच काही करतो. ज्याने त्याला वाढवले त्याला तो ओळखत नाही, कारण कागदोपत्री तो माणूस आता अस्तित्वात नाही.

ही कार्ट्रिज आज जुन्या बाजारात हातोहात फिरत आहेत. विकत घेणारा माणूस ते यंत्रात घालतो आणि सूचीत सर्वांत वर ‘पुढे चालू’ असा पर्याय दिसतो. आत कोणाचे तरी नाव असते, किती तास खेळले याचा आकडा असतो, विजेत्या संघांच्या यादीत कदाचित कुत्र्याचे किंवा मैत्रिणीचे नाव दिलेला प्राणी असतो. नव्या मालकाला खेळायचे असेल, तर हे जाणार. काही जण पुसण्याआधी पडद्याचे छायाचित्र काढून ठेवतात. बहुतेक जण अर्थातच नाही.

व्हिडिओ गेमच्या जतनाविषयी आता गांभीर्याने बोलले जाते. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या अमेरिकी संस्थेने २०२३ मध्ये दाखवून दिले, की २०१० पूर्वी अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात कोणत्याही अधिकृत मार्गाने मिळत नाहीत. ही चिंता रास्तच आहे. पण ती छापील ग्रंथाची चिंता आहे. ‘पोकेमॉन रेड’ हा खेळ लाखो कार्ट्रिजमध्ये अक्षरशः एकसारखा आहे. एक प्रत उरली तरी तो उरेल. उरलेले ३२ किलोबाइट मात्र हस्तलिखित आहेत. त्यांची दुसरी प्रत नाही, कोणत्याही ग्रंथालयाची सूची त्यांची दखल घेत नाही, आणि त्या काळी मुले खरोखर कशी खेळत, कुठे अडत, कशाला काय नाव देत, याचा थेट पुरावा तेवढाच आहे. जाहिराती आणि मासिकांतली परीक्षणे प्रौढांनी लिहिली. हे मुलांनी लिहिले.

कंपनीच्या दृष्टीनेही हा काळ एका बेटावर अडकला आहे. २००२ मध्ये आलेल्या ‘रूबी’ आणि ‘सफायर’पासून नोंदी वेगळ्या प्रकारच्या, विजेविना टिकणाऱ्या चिपमध्ये गेल्या. त्यांतला सेल फक्त घड्याळासाठी आहे आणि तो संपला, की खेळ तसे सांगून पुढे चालू राहतो. त्या खेळांतील प्राणी टप्प्याटप्प्याने पुढच्या खेळांत नेण्याची वाट कंपनीने ठेवली. त्याआधीच्या कार्ट्रिजमधून मात्र ‘रूबी’पर्यंत यायला पूलच बांधला गेला नाही.

आणि सेल संपत आहेत. १९९९ च्या ‘गोल्ड’ व ‘सिल्व्हर’मध्ये त्याच सेलवर घड्याळही चालत असल्यामुळे ते आधी गेले. ‘रेड’ व ‘ब्लू’चे काही अजून तग धरून आहेत. जुना सेल काढून नवा डाखताना क्षणभर जरी वीज तुटली, तरी नोंद जाते. म्हणून जाणकार आधी चिप वाचणाऱ्या यंत्राने संगणकावर प्रत काढतात, सेल बदलतात आणि प्रत पुन्हा आत भरतात. हे न जमणाऱ्याच्या कार्ट्रिजमध्ये एके दिवशी सूचीतून ‘पुढे चालू’ हा पर्याय नाहीसा होतो आणि ‘नवा खेळ’ सर्वांत वर येतो. कोणी तीन बटणे दाबून विचारपूर्वक पुसले असते, तरी पडद्यावर हीच सूची आली असती.