सांगलीचा खेळकर्ता आणि हरवलेले संवाद : विष्णुदास भावे

१/ मराठीत ‘खेळ’ हा शब्द व्हिडिओ गेमलाही चालतो आणि नाटकाच्या प्रयोगालाही. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी’ (२०२०) हा साहसी गेम खेळलेल्यांना आठवत असेल, त्याची कथा बाहुल्यांच्या खेळासारखी उलगडते. कथा रचणारा आणि बाहुल्याही घडवणारा असा एक कलावंत एकोणिसाव्या शतकात सांगलीत होऊन गेला.

२/ विष्णुदास भावे. हाताला बाहुल्या घडवण्याचे कसब, वाणीला पद्यरचनेची गती. कर्नाटकातील भागवत मंडळींचे खेळ पाहून सांगलीचे अधिपती चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांनी तसे खेळ मराठीत रचण्याचे काम त्यांच्यावर सोपवले. ५ नोव्हेंबर १८४३ रोजी ‘सीतास्वयंवर’ रंगमंचावर आले.

३/ या खेळाची घडण लक्षात घ्या. सूत्रधार पदे गाई आणि कथा पुढे सरके. पात्रांना मात्र लिहिलेले संवाद नसत. प्रसंग ठाऊक, शब्द ज्याचे त्याने आयत्या वेळी योजायचे. वाट आखलेली, चाल मोकळी! आजच्या साहसी गेमचा लेखकही टप्पे ठरवतो आणि मधली काही पावले खेळणाऱ्यावर सोडतो.

४/ १८५१ मध्ये आप्पासाहेब निवर्तले आणि राजाश्रयाचा आधार गेला. भावे मंडळी घेऊन दौऱ्यावर निघाले. १८५३ मध्ये मुंबईत ग्रँट रोडच्या नाट्यगृहात त्यांनी तिकीट लावून प्रयोग केले. दरबारच्या मर्जीवर उभी असलेली कला आता प्रेक्षकाच्या पैशावर उभी राहू लागली.

५/ १८८५ मध्ये त्यांचा ‘नाट्यकवितासंग्रह’ छापला गेला. त्यात पदे आहेत. रंगमंचावर बोललेले संवाद नाहीत. जे कधी लिहिलेच गेले नाही, ते छापणार कसे? त्यांच्या बाहुल्या मात्र उरल्या. पुढे रामदास पाध्ये यांनी त्या पुन्हा प्रेक्षकांसमोर आणल्या.

६/ छापील पदे वाचून ही नाटके कच्ची होती असे म्हणणे सोपे आहे. पण तो अर्ध्या पुराव्यावर दिलेला निकाल ठरेल. पदे टिकली, बाहुल्या टिकल्या. नटांनी त्या त्या रात्री जे रचले, ते विरून गेले.

७/ ५ नोव्हेंबर हा आज मराठी रंगभूमी दिन आहे. त्या दिवशी भाव्यांचे स्मरण करताना त्या अनाम नटांचेही करावे. आणि आपल्या काळातील खेळांचा इतिहास उद्या कुणाला लिहायचा असेल, तर खेळासोबत तो खेळला कसा गेला याचीही नोंद आपणच ठेवायला हवी.