विनंतीवरचा १९९३चा शिक्का

जँगो वापरणाऱ्यांनी पाहिलं असेल, ब्राउझर ‘युजर-एजंट’ नावाचं हेडर पाठवतो, पण रिक्वेस्टच्या ‘मेटा’मध्ये ते ‘एचटीटीपी_युजर_एजंट’ म्हणून सापडतं. हे बारसं केलं कुणी?

१९९१च्या एचटीटीपीत एका ओळीची मागणी असे आणि उत्तरात नुसतं पान. स्टेटस कोडसुद्धा नाही. मग १९९३मध्ये एनसीएसएच्या मंडळींनी सीजीआय आणलं. सर्व्हर प्रत्येक विनंतीला नवी प्रोसेस सुरू करी आणि हेडरं एन्व्हायर्न्मेंट व्हेरिएबलांतून तिच्या हाती देई. युनिक्स शेलला त्या नावांत हायफन चालत नाही, म्हणून अंडरस्कोर. आता बघा, दर गिऱ्हाइकाला चूल नव्याने पेटवायची! गर्दीत ते परवडेना, तेव्हा प्रोसेस जागी ठेवण्याचे उपाय निघाले.

पायथॉनमध्ये पुढे फ्रेमवर्क्स भाराभर झाली. पण एक निवडलं की कुठला सर्व्हर चालेल तेही बरंचसं ठरून जाई. २००३च्या डब्ल्यूएसजीआय प्रस्तावाने हा तिढा फार साधेपणाने सोडवला, असं मला वाटतं. ॲप्लिकेशन म्हणजे दोन गोष्टी घेणारं फंक्शन: एक विनंतीचा कोश, दुसरं उत्तराचा स्टेटस आणि हेडरं कळवण्याचं साधन. बस्स. कोशातली नावं मात्र सीजीआयचीच ठेवली. २००५मध्ये लोकांपुढे आलेल्या जँगोनेही तीच उचलली.