हुंकार, भस्म आणि सिल्वासा

वाल्मीकिरामायणाच्या बालकांडात सगरपुत्रांची कथा आहे. अश्वमेधाचा घोडा शोधीत साठ हजार राजपुत्र रसातळास पोहोचतात, कपिल मुनींना चोर समजून त्यांच्यावर धावून जातात, आणि मुनींच्या एका हुंकारासरशी त्या सर्वांची राख होते. देवीमाहात्म्याच्या सहाव्या अध्यायात अंबिका धूम्रलोचनाला भस्म करते, तेही हुंकारानेच. जडाचा नाश करणारे नादास्त्र आमच्या पूर्वजांनी कल्पिले, ते हे.

हे नुसते कल्पित नसून एक लुप्त झालेले यंत्रशास्त्र होते, असे आग्रहाने सांगणारे सज्जन आम्हांस वारंवार भेटतात. आमचा व्यवसाय वकिलीचा. ज्याचा अवशेष नाही, घडणीची कृती नाही, असे अस्त्र पुराव्यात दाखल करण्यास आम्ही धजणार नाही. आणि तसे करण्याची गरज तरी काय? कवीने कथेचा भर अस्त्रावर ठेवलेलाच नाही. राख क्षणात झाली. तिच्या उद्धाराचा मार्ग सगराला सापडला नाही, अंशुमानाला साधला नाही, दिलीप त्याच चिंतेत गेला. अखेर भगीरथाच्या तपाने गंगा उतरली. एका हुंकाराचा वारसा इतक्या पिढ्यांनी वाहिला, ही त्या कथेची खरी शिकवण आहे.

नादाने पदार्थ फुटतो हे आजच्या विज्ञानासही मान्य आहे. मात्र त्याचे कर्तृत्व नम्र आहे. 1980 साली म्युनिक येथे शरीरावर शस्त्र न चालविता, बाहेरून सोडलेल्या ध्वनीच्या जातीच्याच दाबलहरींनी मूत्रपिंडातील खडा प्रथमच फोडण्यात आला. खड्याचा चुरा होतो आणि रोगी घरी जातो. मनुष्याच्या हाती आलेले नादास्त्र हे एवढेच, आणि ते वैद्याच्या हाती आहे.

परंतु नादाने इतिहासाला हात दिल्याचा दाखला पाहावयाचा असेल, तर दमणगंगेच्या काठी सिल्वासा येथे जावे. पेशव्यांशी 1779 साली झालेल्या तहाच्या आधारे पोर्तुगीजांना या भागातील गावांचा वसूल मिळाला, आणि वसुलाचे पुढे राज्य झाले. ते उलथून टाकण्याचा निश्चय 1954 साली काही तरुणांनी केला. निश्चय होता, पैसा नव्हता. तेव्हा सुधीर फडके यांच्या पुढाकाराने पुण्यास हिराबागेत लता मंगेशकर यांच्या गायनाचा कार्यक्रम झाला, आणि त्या उत्पन्नातून मोहिमेच्या खर्चाची व शस्त्रांची तजवीज झाली. गाण्याचे असे रूपांतर आमच्या पाहण्यात दुसरे नाही.

पुढील घटना जुलै-ऑगस्टच्या भर पावसातील. प्रथम दादरा मुक्त झाला, मग नरोली. 2 ऑगस्ट 1954 रोजी आझाद गोमंतक दल व राष्ट्रीय स्वयंसेवक संघ यांच्या स्वयंसेवकांनी सिल्वासा घेतले. त्यांच्यात स्वतः फडकेही होते. पोर्तुगीज अधिकारी फिदाल्गो दीडएकशे शिपायांसह खानवेलकडे निघून गेला आणि 11 ऑगस्टला शरण आला. रक्त मुळीच सांडले नाही, असे मात्र कोणी म्हणू नये. दादऱ्याच्या चौकीत पोर्तुगीजांच्या बाजूची माणसे पडली. त्यांच्याही घरी कोणी वाट पाहत असेल. सगराची कथा ऐकणाऱ्याने एवढे विसरता कामा नये.

पोर्तुगालने फिर्याद हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात नेली. 12 एप्रिल 1960 च्या निकालाने खाजगी माणसे, मुलकी अधिकारी व सामान्य माल यांना वाटेचा हक्क होता असे मानले. सैन्य, सशस्त्र पोलीस व दारूगोळा यांना तो नव्हता असे ठरविले, आणि भारताने कर्तव्यभंग केला नाही, असा निर्वाळा दिला. 11 ऑगस्ट 1961 रोजी दादरा-नगर हवेली भारतीय संघराज्यात समाविष्ट झाली. त्यापूर्वीची सात वर्षे तेथील कारभार मुक्त प्रदेशाच्या स्वतःच्या प्रशासनाने चालविला होता.

आणि फडके? सिल्वासा येथील त्या दिवसानंतर आठ महिन्यांनी, 1 एप्रिल 1955 पासून, पुणे आकाशवाणीवर त्यांच्या आवाजात गीतरामायण सुरू झाले. ज्या कंठाने मोहीम उभी केली, तोच रामकथा घेऊन घरोघर गेला. हुंकारामागून गंगा यावी, तसेच हे आम्हांस वाटते.

नादास्त्राच्या शोधात जे आपली विद्वत्ता खर्च करतात, त्यांना आमची एक विनंती आहे. मुक्तिसंग्रामातील ती पिढी आता जवळजवळ संपली. आपल्या गावातून, आपल्या देवस्थानच्या महाजनांपैकी कोणी त्या लढ्यात गेला असेल, तर त्याचे नाव, गाव आणि साल देवळाच्या वहीत नोंदवून ठेवावे. पुराणातील अस्त्राला साक्षीदार मिळणार नाही. या नादाचे साक्षीदार होते. त्यांची साक्ष घेण्याचे काम मात्र आम्ही लांबणीवर टाकले आहे.