धान्य अडवून बसलेली आई



मागच्या बैठकीत हप्ते भरून झाले, वहीवर सह्या झाल्या आणि एका ताईंनी विचारलं, "तुम्ही जुन्या देशांच्या, देवांच्या लढायांच्या गोष्टी सांगता. त्यात बायका काय करत होत्या?" प्रश्न बरोबर होता. म्हणून आज आम्ही प्राचीन ग्रीस देशाची गोष्ट घेऊन आलो आहोत.

ग्रीस हा युरोपातला डोंगराळ, समुद्राकाठचा देश. तिथे पाऊस हिवाळ्यात पडतो. गहू आणि जव यांची पेरणी आपल्या रब्बीसारखी पावसाळा सरल्यावर नाही, तर पावसाच्या तोंडावर, ऑक्टोबर-नोव्हेंबरात होते. सुमारे २७०० वर्षांपूर्वी हेसिओड नावाच्या शेतकरी कवीनं तिथल्या देवांची वंशावळ रचली. त्यात अगदी सुरुवातीला आलेल्यांपैकी एक आहे गाया, म्हणजे पृथ्वी. तिची मुलं ते टायटन. त्यांतला धाकटा क्रोनस बापाला हटवून राजा झाला. पण आपलंच मूल आपल्याला हटवणार, असं त्याला कळलं. मग बायको रिया बाळंत झाली की तो मूल गिळून टाकायचा. अशी पाच मुलं गेली. सहाव्या वेळी रियानं बाळाच्या दुपट्यात दगड गुंडाळून नवऱ्याच्या हाती दिला आणि बाळ क्रीट बेटावर लपवलं. तो झ्यूस. मोठा झाल्यावर त्यानं भावंडांची सुटका केली. टायटनांशी १० वर्षं युद्ध चाललं आणि नवे देव जिंकले.

मग वाटणी झाली. होमरच्या काव्यात तिघा भावांनी चिठ्ठ्या टाकल्याचं सांगितलं आहे. झ्यूसला आकाश, पोसायडनला समुद्र, हेडीसला पाताळ. बहिणीही तीनच होत्या. त्यांनाही बापानं गिळलं होतं. पण चिठ्ठ्यांमध्ये त्यांचं नाव नव्हतं.

त्या बहिणींपैकी एक डिमीटर, धान्याची देवी. तिला पर्सेफोनी नावाची एकुलती एक लेक. मुलीचा बाप झ्यूस. एके दिवशी पोर मैत्रिणींबरोबर कुरणात फुलं तोडत होती. जमीन दुभंगली, पाताळाचा राजा हेडीस रथातून वर आला आणि तिला उचलून घेऊन गेला. नात्यानं तो तिचा काका.

आई दोन्ही हातांत मशाली धरून नऊ दिवस वणवण फिरली. जेवली नाही, अंघोळ केली नाही. शेवटी सूर्यदेवानं खरं सांगितलं. मुलगी चोरीला गेली नव्हती; बापानंच ती भावाला देऊन टाकली होती. आईला विचारलं नव्हतं. मुलीला तर नव्हतंच नव्हतं.

डिमीटरनं देवांचं घर सोडलं. म्हातारीचं रूप घेऊन ती इल्युसिस गावाच्या विहिरीवर जाऊन बसली. पाणी भरायला आलेल्या मुली तिला घरी घेऊन गेल्या. तिथेही ती गप्पच. आयाम्बी नावाच्या कामवालीनं थट्टामस्करी केली, तेव्हा कुठे ती हसली आणि पुदिना घातलेलं जवाचं पाणी प्याली. पण लेकीचं दुःख गेलं नाही. पुढे गावानं तिला देऊळ बांधून दिलं. ती त्यात जाऊन बसली आणि धान्य उगवू देईना. बैलांनी नांगर ओढले, बी पेरलं, पण अंकुर फुटेना. माणसं उपाशी मरू लागली; देवांचे नैवेद्य बंद पडायची वेळ आली. झ्यूसनं एकेक देव पाठवला, भेटी देऊ केल्या. तिचं एकच उत्तर: आधी माझी लेक दाखवा.

झ्यूसला नमावं लागलं. टायटनांना हरवणारा राजा एका आईपुढे नमला. मुलगी परत आली, पण पाताळात तिला डाळिंबाचा दाणा खाऊ घातला होता. त्यामुळे वर्षातले चार महिने खाली आणि आठ महिने आईजवळ, असं ठरलं. हा निरोप घेऊन कोण आली? रिया. जिची पाच मुलं गिळली गेली होती, ती आजी. तिच्या शब्दावर डिमीटरनं पुन्हा शेतं हिरवी केली.

ही झाली कथा. आता त्या काळच्या बायका कशा जगत होत्या ते पाहू. अथेन्स शहरात लोकशाही होती, पण बायकांना मत नव्हतं. एका मापाच्या जवापेक्षा जास्त किमतीचा व्यवहार बाईला स्वतःच्या नावावर करता येत नसे. ते माप सुमारे ५२ लिटरचं. लग्न बाप ठरवायचा. झेनोफोनच्या पुस्तकातल्या एका गृहस्थाची बायको लग्नात १५ वर्षांचीही नव्हती.

त्याच अथेन्समध्ये पेरणीच्या तोंडावर तीन दिवस डिमीटरचा सण असे, थेस्मोफोरिया. त्यात लग्न झालेल्या बायकाच असत, पुरुषांना मज्जाव. प्रमुख बायका त्या आपल्यातूनच निवडत. सधन घरात खर्च नवऱ्याला करावा लागे. दुसऱ्या दिवशी जमिनीवर बसून उपास. आयाम्बीची आठवण म्हणून एकमेकींची थट्टाही चाले. वर्षभर ज्यांना कुणी विचारत नसे, त्यांच्या हातून गेल्याशिवाय बियाण्याला बरकत नाही, असं सगळं शहर मानत होतं. इल्युसिसच्या मोठ्या उत्सवात तर बायकांना आणि गुलामांनाही दीक्षा मिळे. इसवी सन ३९२ च्या सुमारास रोमन सम्राटानं जुन्या देवांची पूजा बंद केली, तोवर हे हजार वर्षांहून जास्त काळ चाललं.

पण मैत्रिणींनो, सण संपला की त्या घरी जायच्या आणि लेकीचं लग्न पुन्हा बापच ठरवायचा. गोष्टीतली आई जिंकली, तिची पूजा झाली. कायदा मात्र तोच राहिला.

आमच्या एका गटातल्या ताईंना लेकीचं लग्न ठरल्याचं कळलं, ते सुपारी फुटल्यावर. मुलगी दहावीत. ताई दोन दिवस कुणाशी बोलल्या नाहीत, मग बैठकीत रडल्या. त्याच संध्याकाळी आम्ही दहा जणी त्यांच्या ओसरीवर जाऊन बसलो. भांडलो नाही. अठरा वर्षांचा कायदा सांगितला, १०९८ हा नंबर सांगितला आणि उठलो नाही. रात्री उशिरा घरच्यांनी लग्न मोडलं. मुलगी यंदा बारावीला आहे.

डिमीटर देवळात एकटीच बसली होती. आपल्याला एकटीनं बसायची गरज नाही. पुढच्या बैठकीत एवढंच विचारा: आपल्या घरात मुलीचं लग्न ठरतं, तेव्हा तिला आणि तिच्या आईला सुपारीच्या आधी विचारतात की नंतर?