जुन्या पेट्रोल गाडीचा फ्युएल पंप घरी काढता येतो का? आधी काय तपासायचं आणि धोका कुठे असतो?

मे महिन्यातली दुपार. ब्रह्मपुरीहून वैनगंगेचा पूल ओलांडून आरमोरीकडे निघालेली जुनी मारुती व्हॅन रस्त्यात झटके खाते आणि बंद पडते. सेल्फ मारला तर इंजिन फिरतं, पण गाडी सुरू होत नाही. अर्ध्या तासाने मात्र ती काहीच झालं नसल्यासारखी सुरू होते. गडचिरोली आणि चंद्रपूर जिल्ह्यांत जुनी गाडी चालवणाऱ्यांसाठी ही गोष्ट नवी नाही. अशा वेळी बहुतेकांचा पहिला संशय फ्युएल पंपावर जातो.

आरमोरीपासून गडचिरोली सुमारे ३५ किलोमीटर आहे, तर नागपूर दीडशे किलोमीटरच्या आसपास. वीस-पंचवीस वर्षं जुन्या गाडीचा सुटा भाग गावात मिळेलच असं नाही. त्यामुळे अनेक जण पंप घरीच काढून बघतात. हे काम जमण्यासारखं आहे, पण सगळ्याच गाड्यांमध्ये नाही. शिवाय त्यात हाताळायचं असतं ते पेट्रोल. म्हणून आधी काही गोष्टी समजून घेणं गरजेचं आहे.

तुमच्या गाडीत कोणता पंप आहे?

जुन्या पेट्रोल गाड्यांमध्ये दोन प्रकारचे पंप असतात.

पहिला यांत्रिक पंप. प्रीमियर पद्मिनी, पेट्रोलवरची अँबॅसडर, १९८३ साली आलेली मारुती ८०० आणि त्याच ७९६ सीसी इंजिनावर चालणारी मारुती व्हॅन (पुढे तिचंच नाव ओम्नी झालं) या गाड्यांच्या कार्ब्युरेटर मॉडेलमध्ये हा पंप असतो. तो इंजिनाच्या अंगालाच दोन नट-बोल्टने बसवलेला असतो. त्याला वीज लागत नाही.

दुसरा विजेवर चालणारा पंप. २००० सालाच्या सुमारास प्रदूषणाचे नियम कडक झाले आणि कार्ब्युरेटरची जागा एमपीएफआय यंत्रणेने घेतली. या गाड्यांचा पंप पेट्रोलच्या टाकीच्या आत असतो.

ओळखायचं कसं? चावी 'ऑन' केल्यावर, सेल्फ मारण्याआधी, मागच्या बाजूने दोन-तीन सेकंद बारीक गुणगुण ऐकू आली तर पंप टाकीत आहे. इंजिनावर कार्ब्युरेटर असेल आणि त्याच्याकडे जाणारी रबरी नळी इंजिनाला चिकटलेल्या छोट्या धातूच्या डब्यातून येत असेल, तर तो डबा म्हणजेच यांत्रिक पंप.

घरी काढण्यासारखा आहे तो हा यांत्रिक पंप.

यांत्रिक पंप काम कसा करतो?

पंपाच्या आत रबरी पडदा असतो, त्याला डायफ्राम म्हणतात. इंजिनाचा कॅमशाफ्ट फिरताना पंपाचा दांडा हलवतो आणि पडदा खाली ओढला जातो. त्यामुळे टाकीतलं पेट्रोल आत खेचलं जातं. मग स्प्रिंग पडदा वर ढकलते आणि पेट्रोल कार्ब्युरेटरकडे जातं. आत येण्यासाठी एक आणि बाहेर जाण्यासाठी एक अशा दोन झडपा असतात. कार्ब्युरेटर भरला की दांडा नुसता हलत राहतो, पेट्रोल पुढे जात नाही.

या पंपाचा दाब अगदी कमी असतो, साधारण ०.२ ते ०.३ बार. एमपीएफआय गाडीत हाच दाब ३ बारच्या आसपास, म्हणजे सुमारे दहापट असतो. धोक्याच्या दृष्टीने हा फरक मोठा आहे.

पंप खरंच खराब आहे का?

पंप काढण्याआधी हा प्रश्न सोडवावा. पंपावर आळ येतो अशी चार कारणं नेहमीची आहेत.

१. उन्हाळ्यातला 'व्हेपर लॉक'. ब्रह्मपुरी आणि चंद्रपूर ही देशातल्या सर्वांत उष्ण ठिकाणांपैकी आहेत. मे महिन्यात तिथे पारा ४५ ते ४७ अंशांपर्यंत जातो. पेट्रोलमधले हलके घटक ३५-४० अंशांनाच उकळू लागतात. यांत्रिक पंप गरम इंजिनाला चिकटलेला असतो आणि तो पेट्रोल ओढून घेतो. ओढताना नळीतला दाब कमी होतो, त्यामुळे पेट्रोलची वाफ आणखी लवकर होते. पंप द्रवासाठी बनवलेला असतो, वाफ त्याला पुढे ढकलता येत नाही. गाडी थंड झाल्यावर आपोआप सुरू होत असेल आणि सकाळी कधीच त्रास देत नसेल, तर पंप बदलून उपयोग नाही. इंजिन बंद करून पंपावर ओलं फडकं ठेवणं हा ड्रायव्हर लोकांचा जुना उपाय इथे खरोखर लागू पडतो. गरम भागांना टेकलेली नळी बाजूला घेणं हा त्याहून टिकाऊ उपाय आहे.

२. तुंबलेला फिल्टर. टाकीतला गंज आणि गाळ आधी फिल्टरमध्ये अडकतो. फिल्टरची किंमत पंपाच्या मानाने किरकोळ असते. आधी तो बदलून बघावा.

३. टाकीच्या झाकणाचं बुजलेलं छिद्र. पेट्रोल बाहेर गेलं की टाकीत हवा आत यावी लागते. छिद्र बुजलं की टाकीत पोकळी तयार होते आणि पंपाला पेट्रोल ओढता येत नाही. झाकण उघडताना 'फस्स' आवाज होऊन हवा आत गेली आणि नंतर गाडी नीट चालली, तर दोष झाकणात आहे.

४. तडा गेलेली नळी. टाकी ते पंप या भागात नळीला बारीक चीर असेल तर पेट्रोल गळत नाही, उलट हवा आत ओढली जाते.

पंप खराब असल्याची खरी लक्षणं वेगळी आहेत. पंपाच्या अंगावरून किंवा त्याच्या खालच्या बारीक छिद्रातून पेट्रोल गळणं, चढावर गाडीचा जोर कमी होणं आणि इंजिन ऑइलला पेट्रोलचा वास येणं. यातलं शेवटचं लक्षण सर्वांत गंभीर आहे. पडदा फाटला की पेट्रोल थेट ऑइलमध्ये उतरतं, ऑइल पातळ होतं आणि बेअरिंग झिजतात. डिपस्टिकवर ऑइलची पातळी आपोआप वाढलेली दिसली तर गाडी चालवू नये.

खात्री करण्यासाठी एक सोपी चाचणी आहे. इंजिन थंड असताना इग्निशन कॉइलला वीज देणारी तार काढावी, पंपाकडून कार्ब्युरेटरला जाणारी नळी सोडवून धातूच्या डब्यात धरावी आणि दुसऱ्याला काही सेकंद सेल्फ मारायला सांगावं. पेट्रोल ठोके देत जोरात आलं तर पंप ठीक आहे. नुसते थेंब आले, आणि फिल्टर, झाकण, नळी नीट असतील, तर पंप काढायला हरकत नाही.

धोका कशाचा?

पेट्रोल उणे ४० अंशांच्या आसपासही पेट घेण्याइतकी वाफ सोडतं. हवेत साधारण दीड टक्का वाफ मिसळली तरी एका ठिणगीने भडका उडू शकतो. ही वाफ हवेपेक्षा तीन ते चारपट जड असते. ती वर उडून जात नाही. जमिनीलगत पसरत जाते आणि काही फुटांवरच्या चुलीपर्यंत, देवघरातल्या दिव्यापर्यंत किंवा इन्व्हर्टरपर्यंत पोहोचते. म्हणून हे काम बंद शेडमध्ये किंवा पडवीत करू नये. मोकळ्या अंगणात, सावलीत, सकाळच्या वेळी करावं.

मारुती व्हॅनमध्ये इंजिन पुढच्या सीटखाली असतं. तिथे वाफ थेट गाडीच्या आत साचते. सगळे दरवाजे उघडे ठेवूनच काम करावं.

जवळ एबीसी पावडरचं अग्निशामक यंत्र हवं, किमान कोरड्या वाळूची बादली तरी हवीच. पेट्रोलच्या आगीवर पाणी मारू नये. पेट्रोल पाण्यावर तरंगतं आणि आग पसरते.

नळी तोंडात धरून पेट्रोल ओढण्याची सवय गावोगावी दिसते. ती जीवघेणी ठरू शकते. थोडं पेट्रोल श्वासनलिकेत गेलं तरी फुप्फुसांना गंभीर इजा होते. कोणी पेट्रोल गिळलं तर उलटी करवू नये, कारण उलटीतून ते फुप्फुसात जाण्याची भीती असते. लगेच रुग्णालय गाठावं किंवा १०८ वर फोन करावा.

पंप काढायचा कसा?

लागणारं सामान: पाने, स्क्रू ड्रायव्हर, पक्कड, रबरी हातमोजे, सुती फडकी, धातूचा डबा, नळी बुजवायला जाडसर बोल्ट, नवीन पॅकिंग आणि नवीन क्लिपा.

१. गाडी रात्रभर थंड होऊ द्यावी. सपाट जागी हँडब्रेक लावून चाकांना दगड लावावेत. टाकीत पेट्रोल जितकं कमी तितकं चांगलं.

२. चावी बंद ठेवून बॅटरीची निगेटिव्ह तार काढावी आणि ती पुन्हा टेकणार नाही अशी बाजूला बांधावी. ठिणगीचा धोका यामुळे बराच कमी होतो.

३. पंपाच्या आजूबाजूची धूळ पुसावी. नळ्यांचा फोटो काढून मोबाइल दूर ठेवावा. कोणती नळी टाकीकडून येते आणि कोणती कार्ब्युरेटरकडे जाते, यावर चिकटपट्टीने खूण करावी. काही पंपांना टाकीकडे परत जाणारी तिसरी नळी असते.

४. पंपाखाली फडकं आणि डबा ठेवावा. आधी टाकीकडची नळी सोडवावी आणि लगेच बोल्ट घालून बुजवावी, नाहीतर पेट्रोल वाहत राहतं. नळी चिकटली असेल तर ओढाताण न करता हळूहळू पिळून काढावी. तरीही निघाली नाही तर टोक कापून नवी नळी टाकावी.

५. दोन्ही नट किंवा बोल्ट आळीपाळीने, थोडे थोडे ढिले करावेत. आतला दांडा कॅमने दाबलेला असेल तर पंप एका बाजूने जोर लावतो. अशा वेळी चाकांचे दगड आणि हँडब्रेक काढून, गाडी टॉप गिअरमध्ये टाकून, चावी बंद ठेवूनच किंचित पुढे ढकलावी. कॅम फिरला की ताण कमी होतो. मग दगड पुन्हा लावावेत.

६. पंप सरळ न खेचता थोडा तिरका करून बाहेर घ्यावा, कारण दांडा आत अडकलेला असतो. काही इंजिनांत पंप आणि कॅम यांच्यामध्ये सुटी सळई असते. ती आत किंवा खाली पडणार नाही याकडे लक्ष द्यावं.

७. पंपामागे पॅकिंग आणि बहुतेक वेळा जाड काळा ठोकळा असतो. हा ठोकळा इंजिनाची उष्णता अडवतो आणि दांड्याचं अंतरही ठरवतो. तो फेकून देऊ नये आणि वेगळ्या जाडीचा बसवू नये. इंजिनाचं उघडं छिद्र स्वच्छ कापडाने झाकावं.

पुन्हा बसवताना काय चुकतं?

सर्वांत नेहमीची चूक म्हणजे दांडा कॅमच्या चुकीच्या बाजूला जाणं. तसं झालं तर बोल्ट आवळताना दांडा मोडतो. पंप हाताने दाबल्यावर स्प्रिंगसारखा जोर जाणवला पाहिजे. आधी दोन्ही बोल्ट हातानेच फिरवावेत, मग आळीपाळीने आवळावेत. एकच बाजू आवळली तर पंपाचा पत्रा वाकतो आणि ऑइल गळू लागतं.

ऑइलला पेट्रोलचा वास येत असेल तर ऑइल आणि ऑइल फिल्टर बदलल्याशिवाय इंजिन सुरू करू नये. पाण्याची साधी नळी पेट्रोलसाठी वापरू नये, ती काही दिवसांत फुगते. सगळं जोडल्यावर सांडलेलं पेट्रोल पूर्ण वाळू द्यावं आणि बॅटरी सर्वांत शेवटी जोडावी. कार्ब्युरेटर रिकामा असल्याने गाडी लगेच सुरू होणार नाही. दहा-दहा सेकंद सेल्फ मारून मध्ये थांबावं. गाडी सुरू झाली की दहा मिनिटं उभी ठेवून प्रत्येक जोड तपासावा.

एमपीएफआय गाडीचं काय?

इंजिन बंद केल्यावरही या गाड्यांच्या नळीत दाब शिल्लक असतो. नळी थेट सोडवली तर पेट्रोलचा फवारा डोळ्यांत किंवा गरम इंजिनावर उडू शकतो. पंपाचा फ्यूज काढून इंजिन आपोआप बंद पडेपर्यंत चालवल्यावर हा दाब उतरतो. त्यानंतर काही मॉडेलमध्ये मागच्या सीटखालचं झाकण उघडून पंप काढता येतो, काहींमध्ये अख्खी टाकी उतरवावी लागते. हे काम जाणकार मिस्त्रीकडेच द्यावं. फ्यूज आणि रिले मात्र घरी तपासता येतात. टाकी सतत रिझर्व्हवर चालवू नये, कारण आतला पंप पेट्रोलमुळेच थंड राहतो.

ई२० पेट्रोलचा संबंध काय?

देशात २० टक्के इथेनॉल मिसळलेलं पेट्रोल २०२३ पासून टप्प्याटप्प्याने आलं आणि २०२५ मध्ये सर्वत्र पोहोचलं. ऐंशी-नव्वदच्या दशकातल्या गाड्यांचे रबरी भाग या इंधनासाठी बनवलेले नव्हते. काही जुन्या गाड्यांमध्ये २० ते ३० हजार किलोमीटरनंतर रबरी भाग आणि गॅस्केट बदलावे लागू शकतात, असं पेट्रोलियम मंत्रालयानेही २०२५ मध्ये म्हटलं आहे. यांत्रिक पंपाचा पडदा हा असाच रबरी भाग. नवीन पंप किंवा दुरुस्तीचं किट घेताना ते इथेनॉलला चालतं का, हे दुकानदाराला विचारावं. इथेनॉल ओलावाही ओढून घेतं. म्हणून पावसाळ्यात महिनोन्‌महिने उभ्या राहणाऱ्या गाडीच्या टाकीत पाणी आणि गंज होण्याची शक्यता वाढते.

काढलेलं पेट्रोल कुठे ठेवायचं?

पेट्रोलियम कायदा, १९३४ नुसार विक्रीसाठी नसलेलं ३० लिटरपर्यंत पेट्रोल परवान्याशिवाय बाळगता येतं. पण ते घट्ट झाकणाच्या भांड्यात हवं. काचेचं भांडं १ लिटरपर्यंत आणि धातूचं २५ लिटरपर्यंत चालतं. पाण्याच्या प्लास्टिक बाटलीला त्यात जागा नाही. अशा बाटलीतलं पेट्रोल पाणी समजून प्यायलं जाण्याचा धोका असतो, विशेषतः घरात लहान मुलं असतील तर.

गढूळ पेट्रोल नालीत, विहिरीजवळ किंवा बांधावर ओतू नये. ते गॅरेजवाल्याकडे द्यावं. भिजलेली फडकी गोळा करून कोपऱ्यात न टाकता उघड्यावर पसरून वाळवावीत.

थांबायचं कधी?

बोल्ट गंजून अडकला असेल, त्याचे आटे गेले असतील, लोखंडी नळी कुजलेली दिसली किंवा पंप बसवल्यावर एक थेंबही गळत असेल, तर काम तिथेच थांबवावं आणि मिस्त्रीला घरी बोलवावं. गळणारी गाडी चालवत गॅरेजपर्यंत नेऊ नये. टोचन करून नेण्याचा खर्च परवडतो.