पदवी ‘समकक्ष’ आहे हे ठरवतं कोण? प्राध्यापक भरतीतला जुना वाद

बेळगावात बी.ए., कोल्हापुरात एम.ए., सेट महाराष्ट्राची आणि अर्ज धारवाडच्या जाहिरातीला. सीमाभागात असा प्रवास केलेली मुलं गावोगावी आहेत. अर्ज भरताना काही अडत नाही. अडतं ते छाननीत, किंवा त्याहून वाईट म्हणजे नेमणूक झाल्यावर, जेव्हा निवड न झालेला उमेदवार हायकोर्टात जातो. त्याचं म्हणणं सरळ असतं: जाहिरातीत मागितलेली पदवी यांच्याकडे नाही, आणि जी आहे ती समकक्ष नाही.

या विषयावर आजही सगळ्यात जास्त दाखला दिला जातो तो म्हैसूर विद्यापीठाच्या खटल्याचा. 1959 साली विद्यापीठाने प्रोफेसर आणि रीडरच्या जागा जाहीर केल्या. अट होती भारतीय विद्यापीठाची प्रथम वर्गातली किंवा वरच्या द्वितीय वर्गातली एम.ए., अथवा परदेशी विद्यापीठाची समकक्ष पदवी. इंग्रजीच्या रीडरपदी निवड झालेल्या उमेदवाराला इथल्या एम.ए.ला 50.2 टक्के होते. पण त्यांच्याकडे इंग्लंडमधल्या डरहॅम विद्यापीठाचीही एम.ए. होती. विरोधकाने ‘क्वो वॉरंटो’ अर्ज केला, म्हणजे ‘कोणत्या अधिकाराने या खुर्चीवर बसलात ते दाखवा’ असा. हायकोर्टाने नेमणूक रद्द केली.

सुप्रीम कोर्टाने ऑगस्ट 1963 मध्ये तो निकाल फिरवला. निकालपत्र न्या. प्र. बा. गजेंद्रगडकर यांचं. (जन्म साताऱ्याचा, कॉलेजची सुरुवातीची वर्षं धारवाडला; तेही दोन्हीकडचेच.) निवड मंडळात विषयाचे जाणकार बसले होते, त्यांच्यावर दुष्ट हेतूचा आरोप नव्हता, आणि डरहॅमची पदवी पुरेशी आहे असं त्यांनी ठरवलं होतं. अशा वेळी शैक्षणिक बाबतीत कोर्टाने सहसा हात घालू नये, असं कोर्टाने सांगितलं.

एवढंच वाचून ‘विद्यापीठाने घेतलं म्हणजे झालं’ असं समजणारे बरेच आहेत. त्यांनी गुलबर्गा विद्यापीठाचं प्रकरण वाचावं. एम.सी.ए. शिकवण्यासाठी लेक्चरर हवा होता आणि जाहिरातीत ‘संबंधित विषयातली’ पदव्युत्तर पदवी मागितली होती. नेमलेल्या उमेदवाराची पदवी गणितातली. एम.सी.ए.च्या अभ्यासक्रमात गणित असतंच, हा बचाव टिकला नाही. एखादा विषय अभ्यासक्रमात शिकवला जातो म्हणून तो त्या पदासाठी ‘संबंधित विषय’ होत नाही, असं सुप्रीम कोर्टाने म्हटलं आणि नेमणूक गेली. इथे तज्ज्ञांच्या मताची ढाल का चालली नाही? कारण दोन पदव्या समकक्ष आहेत असं ठरवणारा निर्णयच समोर नव्हता. मूळ पात्रताच नसेल तर निवड समिती ती नव्याने निर्माण करू शकत नाही.

उत्तर प्रदेशातला 2020 चा निकाल उलट बाजूचा. शिक्षणशास्त्राच्या सहाय्यक प्राध्यापकपदासाठी एम.ए. (शिक्षणशास्त्र) चालतं, तसं एम.एड. चालतं का? तिथल्या आयोगाने तज्ज्ञांचं मत घेऊन एम.एड.वाल्यांनाही दार उघडलं होतं. हायकोर्टाने ते बंद केलं, सुप्रीम कोर्टाने पुन्हा उघडलं. फरक पाहा: इथे कागदावर निर्णय होता, कारणांसह.

म्हणजे कोर्ट ‘ही पदवी तेवढ्या तोलाची आहे का’ हे मोजायला बसत नाही. समकक्षता ठरवली कुणी, अधिकार होता का, आणि जाहिरातीतले शब्द काय होते, एवढं ते तपासतं. म्हणून आपल्या पदवीचं नाव आणि जाहिरातीतलं नाव वेगळं असेल तर शेवटच्या तारखेच्या आधी विद्यापीठाकडून लेखी घ्यावं. पात्रता त्या तारखेलाच मोजली जाते. कार्यालयातल्या कुणीतरी ‘चालतंय की’ म्हटलेलं कोर्टात चालत नाही.

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 1956 च्या कायद्यातलं कलम 22 पदव्या कोण देऊ शकतं ते सांगतं. राज्य वेगळं म्हणून कायदेशीर विद्यापीठाची पदवी हलकी ठरत नाही. वाद असतो तो विषयाचा आणि नावाचा. परदेशी पदव्यांना भारतीय विद्यापीठ संघ समकक्षता द्यायचा. एप्रिल 2025 च्या नियमांनी ते काम आयोगाने स्वतःकडे घेतलं आहे. वैद्यक, विधी, औषधनिर्माण, नर्सिंग, वास्तुशास्त्र यांच्या पदव्या त्यातून वगळल्या आहेत. त्या आपापल्या नियामक परिषदांकडे.

आता सेट. ही पदवी नव्हे, पण सीमाभागातले अर्ज इथेच जास्त अडकतात. 1 जून 2002 पूर्वी झालेल्या सेटवर देशात कुठेही अर्ज करता येतो. त्यानंतरची फक्त ज्या राज्याची, त्या राज्यात. पुण्याच्या सावित्रीबाई फुले विद्यापीठाची सेट महाराष्ट्र आणि गोवा दोन्हीकडे चालते, म्हणून कोल्हापूरचा उमेदवार पणजीला अर्ज करू शकतो. बेळगाव-धारवाडसाठी मात्र कर्नाटकची के-सेट लागते, बडोद्यासाठी गुजरातची, हैदराबादसाठी तेलंगणाची, इंदूरसाठी मध्य प्रदेशची. नेट झाली असेल तर हा प्रश्नच येत नाही.